पाठमोरे भाऊ

भाऊंच्या घरी मी पहिल्यांदा गेलो तेव्हा ते माझ्याशी अर्धा तास बोलले, आणि त्या अर्ध्या तासात मला त्यांची मान, सदऱ्याची स्वच्छ कॉलर आणि कानामागचे पांढरे केस एवढंच दिसलं. दार त्यांनीच उघडलं, "ये" म्हणाले, खुर्चीत बसले, खुर्ची भिंतीकडे वळवली आणि तक्रार सांगायला लागले. मला वाटलं, माणूस रागावलाय. महाडहून पोलादपूरला यायला मी कबूल केल्यापेक्षा दोन दिवस उशीर केला होता, तेव्हा राग रास्तच होता. मी माफी मागितली, तर भिंतीकडे बघूनच म्हणाले, "रागावलो नाही रे. मी असाच ऐकतो. तू बोल, लाजू नको."

मी कॉम्प्युटर दुरुस्त करणारा माणूस. गाव नाते, दुकान महाडात. लाजावं असं माझ्याकडे त्या वेळी तरी काही नव्हतं. मी त्या पाठीला विचारलं, "काय होतंय?" पाठ म्हणाली, "सुरूच होत नाही."

सुरू होत नव्हता तो कॉम्प्युटर नव्हे. तो छान सुरू व्हायचा. आपण माइकवर बोलायचं आणि पडद्यावर अक्षरं उमटायची, असा एक प्रोग्राम त्यात घातलेला होता. त्याच्या चित्रावर टिचकी मारली की वाळूचं घड्याळ फिरायचं, थांबायचं आणि एक चौकट यायची: आवाजाचं उपकरण सापडत नाही. ती चौकट भाऊंनी वहीत उतरवून ठेवली होती. ती उतरवलेली बघितली आणि मला कळलं की यांना बोलून लिहिणारं यंत्र का हवं आहे. अक्षरं नव्हतीच ती. मुंगी शाईत पडून कागदावरून चालत गेल्यासारखं काहीतरी होतं. भाऊंना कंपवात होता. चहासुद्धा ते उंच स्टीलच्या पेल्यात, अर्धाच घ्यायचे.

आणि याच हाताने एके काळी सगळ्या तालुक्याची पत्रं लिहिली होती. एसटी स्टँडसमोर, चहाच्या टपरीला लागून त्यांचं टेबल असे. डोंगरावरच्या वाड्यांमधून बाया खाली यायच्या. त्यांचे पुरुष मुंबईला, कोणी गिरणीत, कोणी गोदीत, कोणी हॉटेलात. बाजार आटपला की त्या भाऊंकडे यायच्या. गिऱ्हाइकाचं स्टूल भाऊंच्या समोर नसे, पाठीमागे असे. बाई मागे बसून बोलायची, भाऊ पुढे बघून लिहायचे. "समोर बसलेला माणूस माझ्या तोंडाकडे बघतो आणि मला बरं वाटेल ते सांगतो," असं त्यांचं म्हणणं. "पाठीला सांगतो तेव्हा खरं सांगतो."

चहावाला मला नक्कल करून दाखवायचा. कुडपणहून एक म्हातारी यायची. ती स्टुलावर बसायच्या आधीच सुरू व्हायची. "लिव रे भावा. म्हस व्याली, रेडकू हाय. पडवीचा पत्रा उडाला. आनि त्याला लिव, औंदा घरी आला नायस तर तुझ्या नावान आंघोळ करीन." भाऊंनी ते जसंच्या तसं, मोत्यासारख्या अक्षरात लिहिलं. चहावाला म्हणाला, "अहो भाऊ, आई हाय, रागात बोलली. जरा गोड करून लिवायचं." भाऊ म्हणाले, "पत्र तिचं आहे. मी साखर घालणारा कोण?" पत्र एकदा मोठ्याने वाचून दाखवायचं, "बरोबर?" विचारायचं, मान हलली की घडी घालायची. त्यानंतर ते पत्र भाऊंच्या लेखी संपलं. पुढच्या बाजाराला त्याच बाईने विचारलं, "मी काय लिवलं होतं रे?" तरी हे म्हणायचे, "कुठलं पत्र?" लोकांना ते विक्षिप्त वाटायचे. पण येत त्यांच्याकडेच.

मग गल्लोगल्ली टेलिफोनचे बूथ निघाले आणि बाया पत्र लिहायच्या थांबल्या. टेबल उरलं ते अर्जांपुरतं. नंतर हात गेला, टेबलही गेलं.

भाऊ घरात एकटे राहायचे. का, ते त्यांनी मला कधी सांगितलं नाही. पण पोलादपुरात ते सगळ्यांना ठाऊक होतं, आणि चहावाल्याने माझ्या दुसऱ्याच फेरीला मला सांगून टाकलं. बऱ्याच वर्षांपूर्वी भाऊंची सासू एका बाजाराला डोंगरावरून खाली आली. लेकीच्या घरी गेली नाही, थेट टेबलापाशी आली आणि जावयाच्या पाठीमागे स्टुलावर बसली. मुंबईच्या मुलाला पत्र लिहायचं होतं. पोटात गाठ आहे, महाडच्या डॉक्टरांनी हात टेकले, एकदा येऊन भेट. आणि शेवटी म्हणाली, "माज्या लेकीला यातलं कळू देऊ नकोस. रडत बसंल ती." हे मुलाला सांगितलं की जावयाला, ते देव जाणे. भाऊंनी दोघांसाठी धरलं. पत्र लिहिलं, वाचून दाखवलं, टाकलं. त्या संध्याकाळी घरी जाऊन बायकोच्या हातचं जेवले आणि काही बोलले नाहीत. महिनाभर बोलले नाहीत. सासू गेली. दिवसकार्याला मेव्हण्याने पत्र काढून दाखवलं, आणि बायकोने नवऱ्याचं अक्षर ओळखलं.

ती भावाबरोबर मुंबईला गेली ती गेलीच. सात वर्षांची मुलगी होती, तीही गेली. भाऊ दर दिवाळीला मुलीला एक पोस्टकार्ड टाकायचे. त्यावर दोन ओळी: मी ठीक आहे, तू ठीक असशील. खाली सही. तालुक्यातल्या बायांचे रुसवेफुगवे पानपानभर लिहिणाऱ्या माणसाला स्वतःच्या मुलीला तिसरी ओळ सुचली नाही. बायको वारली ते त्यांना तेरावं उरकल्यावर कळलं. मुलगी तिकडे एकटी राहिली, लग्न केलं नव्हतं, नोकरी करत होती. तेव्हा भाऊंना वाटलं की आता तिला सगळं लिहावं, आपण तसे का वागलो ते सांगावं, आणि एकदा घरी बोलवावं. आणि नेमका तेव्हाच हात हलायला लागला.

चहावाला म्हणाला, "मी म्हनलं, भाऊ, तुमी सांगा, माजा पोरगा लिवील. आमी काय परके हाव? तर म्हनाले, लिहून देणारा काय काय घेऊन जातो ते मला माहीत हाय."

म्हणून हे यंत्र. कुडपणच्या त्या म्हातारीचा मुलगा मुंबईत कॉम्प्युटरच्या दुकानात लागला होता. आईची पत्रं त्याने जपून ठेवली होती. त्याने प्रोग्रामची सीडी आणि माइकचा हेडफोन आणून दिला. कॉम्प्युटर महाडच्या एका बंद पडलेल्या क्लासमधला, जुना. तिथल्याच माणसाने तो घरी आणून जोडून दिला होता.

मी पहिल्याच दिवशी त्यांना सांगितलं, "भाऊ, हा प्रोग्राम इंग्रजीच जाणतो बरं का. मराठी नाही." माझा अंदाज होता की ते हिरमुसतील आणि माझी सुटका होईल. ते भिंतीला म्हणाले, "माहीत आहे. मराठीत मी इतक्या लोकांचं लिहिलंय की कुठलंही वाक्य घेतलं तरी ते कोणाचं तरी आहे. 'तुझी आठवण येते' हे मी किती वेळा लिहिलं असेल? ते माझं राहिलेलं नाही. इंग्रजीत मी अर्ज सोडून कोणाचं काही लिहिलं नाही. आणि पोरगी इंग्रजी शाळेत शिकली आहे, तिला बरंच पडेल."

हे ऐकल्यावर मी जरा नीट कामाला लागलो, हे कबूल करायला हवं. त्या आधी मी टाळाटाळच करत होतो.

हेडफोन तपासला, चांगला होता. वायर माइकसाठीच्या गुलाबी भोकातच होती. प्रोग्राम काढून पुन्हा घातला. तीच चौकट. दुसऱ्या फेरीला मी सगळा कॉम्प्युटर पुसून विंडोज नव्याने घातली. त्यात अख्खी दुपार गेली, मध्ये दोनदा वीज गेली. भाऊ पाठ करून बसलेले. चौकट पुन्हा आली. तेव्हा ते म्हणाले, "हं." एवढंच. तो "हं" ऐकून मला स्वतःचीच लाज वाटली.

तिसऱ्या फेरीला मी आवाजाचं वेगळं कार्ड घेऊन गेलो. ते बसवण्याआधी सहज, कॉम्प्युटर चालू होताना जो निळा पडदा उघडता येतो तो उघडला. तिथे मशीनच्या पोटातल्या एकेका भागाला चालू-बंद करता येतं. आवाजाचा भाग बंद होता. आपोआप नव्हे, कोणीतरी हाताने बंद केलेला. विंडोज कितीही वेळा घातली तरी तिला तो दिसणारच नव्हता.

"भाऊ, हे कोणी बंद केलं?"

"मी."

"तुम्ही?"

"म्हणजे तो क्लासवाला आला होता ना, त्याला करायला लावलं. त्याच्या क्लासात मी बघितलं होतं, कॉम्प्युटर लिहिलेलं मोठ्याने वाचून दाखवतो. बाईच्या आवाजात. इथे खिडकी रस्त्यावर आहे. मी पत्र सांगणार आणि हा ते अख्ख्या पोलादपूरला वाचून दाखवणार? त्याला म्हटलं, याचं तोंड कायमचं बंद करून दे. स्पीकर काढून चालणार नाही, मुळातूनच बंद कर."

मी डोक्याला हात लावला. "अहो भाऊ, याचं बोलणं आणि ऐकणं एकाच भागातून होतं. तोंड बंद केलंत म्हणून कानही बंद झाले."

भाऊंनी खुर्ची वळवली. त्यांचा चेहरा मी पहिल्यांदा सावकाश बघितला. मोठे डोळे, रुंद कपाळ, आणि त्यावर चूक सापडलेल्या विद्यार्थ्याचा भाव. "असं होय," ते म्हणाले. न बोललेला तो महिना त्यांना आठवला असणार हे मला कळलं आणि मी उगाचच पेचकसाशी चाळा करत राहिलो.

प्रोग्राम सुरू झाला. पण सुरू होणं वेगळं आणि समजणं वेगळं. आधी त्याला आपला आवाज शिकवावा लागे. तो पडद्यावर उतारे दाखवी, ते वाचायचे. भाऊंनी मला ओटीवर बसायला लावलं आणि आत वाचायला लागले. पोटमाळ्यावर ठेवलेली वस्तू उतरवावी तसं एकेक इंग्रजी वाक्य जपून बाहेर येत होतं. नंतर मी आत गेलो तर हे हेडफोन घालून, पडद्याकडे पाठ करून बसलेले. बोलून झालं की वळून बघायचे, चुकीचं उमटलेलं असलं की पुसायचे, पुन्हा पाठ करून बोलायचे.

"भाऊ, पडद्याकडे बघत बोला. चूक लगेच कळेल."

"बघून बोलता आलं असतं," ते म्हणाले, "तर हे यंत्र कशाला आणलं असतं?"

त्यांचं घर हायवेपासून हाकेच्या अंतरावर. एखादा ट्रक हॉर्न देऊन गेला की प्रोग्राम ते भाऊंचंच बोलणं समजायचा आणि भलतंच काहीतरी लिहायचा. एक ओळ जमायला कधी कधी दोन दिवस लागायचे. श्रावणात कशेडीत दरड आली आणि घाट बंद झाला. गाड्यांची रांग पार पोलादपूरपर्यंत लागली, इंजिनं बंद, ड्रायव्हर रस्त्यावरच स्टोव्ह पेटवून बसलेले. सगळा तालुका घाटाच्या नावाने बोटं मोडत होता आणि भाऊंचा मला महाडला फोन आला, आनंदाने फुटलेला आवाज, "अरे, काय शांतता आहे रे! आज आठ ओळी झाल्या."

दरड काढेपर्यंत पत्र पुरं झालं.

ते छापायला भाऊ एसटीने महाडला आले. खिशात प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेली फ्लॉपी. "वाचणार नाहीस ना?" मी म्हटलं, "कुठलं पत्र?" त्यांना ते फार आवडलं. मी प्रिंटरवर टॉवेल टाकला आणि कागद टॉवेलाखालूनच काढून त्यांच्या हातात दिले. दोन पानं होती. पाकिटावरचा पत्ताही मी छापूनच चिकटवला, कारण तो लिहिणं त्यांना शक्य नव्हतं.

मग ते सही करायला बसले. डाव्या हाताने उजवं मनगट धरलं, श्वास रोखला आणि पेन टेकवलं. पेन कागदावर सरकत गेलं. त्यांनी कागद बाजूला ठेवला. "दुसरा काढ." दुसराही बिघडला. तिसरा. चौथ्याला सही जवळजवळ झाली होती, शेवटच्या अक्षरावर हात उडाला. त्यांच्या कपाळावर घाम आला होता. दुकानात दोन माणसं खोळंबली होती, त्यातला एक घड्याळ बघत होता. मी म्हटलं, "भाऊ, कॉम्प्युटरच्या पत्राला सही लागत नाही हो. बँकेची पत्रं बघा. खाली छापलेलंच असतं, सहीची गरज नाही म्हणून."

"खरं?" त्यांनी माझ्याकडे बघून विचारलं.

"खरं."

त्यांनी पाचवा कागद तसाच, पहिल्या पानाबरोबर घडी घालून पाकिटात घातला. त्यांना सुटल्यासारखं झालेलं मला दिसलं, आणि मलाही सुटल्यासारखं झालं. जाताना दारात म्हणाले, "गणपतीला ये म्हणून लिहिलंय."

गणपतीत मी एका कामासाठी पोलादपूरला गेलो होतो. मुंबईच्या गाड्या एकामागून एक येत होत्या. माणसं, ट्रंका, डोक्यावर पाटावर गणपती, पोरांचा गलका. टपरीजवळ भाऊ खुर्ची टाकून बसले होते, तोंड रस्त्याकडे. इस्त्रीचा सदरा, पायात नवीन वहाणा. मी हात केला, त्यांनी पाहिलं नाही. ते गाडीच्या दारातून उतरणारं प्रत्येक माणूस बघत होते. चहावाला मला हळूच म्हणाला, "तीन दिस झाले. जेवायला तेवढे घरी जातात."

ती आली नाही. उत्तरही आलं नाही. गौरी गेल्या, अनंत चतुर्दशी झाली. भाऊंनी मला बोलावून घेतलं आणि प्रोग्राम काढून टाकायला सांगितला. मी म्हटलं, "राहू द्या हो, आणखी एखादं पत्र लिहाल." ते भिंतीकडे वळले. "नको. तिचा निर्णय झाला. तो तिचा आहे." मी काढून टाकला. मी चहाही न घेता निघालो, याचं मला आजही वाईट वाटतं.

पुढच्या उन्हाळ्यात भाऊ गेले. दुपारी खुर्चीतच गेले; चहावाल्याला संध्याकाळी कळलं.

पंधरा-वीस दिवसांनी माझ्या महाडच्या दुकानात एक बाई आली. तिशी ओलांडलेली, खांद्याला पर्स, डोळे मोठे आणि कपाळ रुंद. तिने नाव सांगायच्या आधीच मी उठून उभा राहिलो. घर आवरताना भाऊंच्या वहीत तिला मीच लिहून दिलेला माझा नंबर सापडला होता. तिने पर्समधून पाकीट काढलं आणि दोन कागद काउंटरवर ठेवले. मी ते लगेच ओळखले, वाचले नव्हते तरी.

"हे तुम्ही लिहिलंत का?" तिने विचारलं. मुंबईचं, शांत मराठी.

"नाही. मी फक्त छापलं. काय लिहिलंय ते मला आजही माहीत नाही."

"मग कोणी लिहिलं?"

"भाऊंनी. बोलून." मी तिला सगळं सांगितलं. हात, माइक, ओटी, घाट, आठ ओळी. ती ऐकत होती. मी बोलत सुटलो होतो. कुठे थांबावं ते मला कळत नव्हतं.

"म्हणजे हे शब्द त्यांचे आहेत," ती म्हणाली.

"एकूण एक."

तिने दुसऱ्या पानाच्या तळाशी बोट ठेवलं. तिथे भाऊंचं नाव छापलेलं होतं आणि त्याखाली मोकळी जागा. "मग सही का नाही केली?"

खोटं बोलता आलं असतं. हात चालत नव्हता, एवढं सांगून भागलं असतं, आणि ते खरंही होतं. पण तिची नजर माझ्यावर होती. मी म्हटलं, "ते करत होते. चार कागद बिघडले. मीच म्हटलं, लागत नाही."

तिने त्या मोकळ्या जागेवरचं बोट उचललं. मग कागदांची घडी घातली, पाकिटात ठेवली, पाकीट पर्समध्ये ठेवलं.

"आई म्हणायची, त्यांच्याजवळ स्वतःचे शब्द नाहीत," ती म्हणाली. "हे आलं तेव्हा मला वाटलं, कोणा वकिलाकडून लिहून घेतलंय. इतकं चांगलं इंग्रजी लिहिलं होतं. मला राग आला, एवढंसुद्धा दुसऱ्याकडून लिहून घेतात म्हणून." तिने पर्सची चेन लावली. "त्यांच्या वेड्यावाकड्या अक्षरात नुसतं 'ये' असतं ना, तरी मी आले असते."